मधुलेखेला वन्स मोअर

मित्रांनो, ठाकुर्लीला तिसऱ्या मजल्यावरच्या एका घरात पाण्याच्या माठाच्या तिवईखाली पत्र्याचा एक गोल डबा असायचा. पाहुण्यांना तो बिस्किटांचा वाटायचा. त्या डब्यात मी राहायचे. मी एक जुनी फिल्म आहे. मुकी फिल्म. बोलणारे सिनेमे यायच्या आधीची.

तुम्ही माझ्यासारखी फिल्म बहुतेक पाहिली नसेल. मी म्हणजे एक लांबच लांब पट्टी, गुंडाळी करून ठेवलेली. पट्टीवर नखाएवढी चित्रं आहेत, एकाखाली एक, हजारोंनी. शेजारशेजारची दोन चित्रं बघाल तर सारखीच वाटतील. पण मागून उजेड टाकून ती भराभर पुढे सरकवली की चित्रातली माणसं चालू लागतात. हे कसं होतं ते मला कुणीतरी समजावून सांगितलेलं आहे, तरी मला त्याचं नवल वाटायचं अजून थांबलेलं नाही.

माझा जन्म कल्याणचा. एका नाटक कंपनीचा मुक्काम तिथे पडला होता. त्यांचं 'संगीत मधुलेखा' हे नाटक तेव्हा घरोघरी माहीत होतं. राणी मधुलेखा लढाईवर गेलेल्या राजाची वाट बघते, फुलं वेचते आणि गाते. तिची पदं लोकांना पाठ होती. कुणाच्या तरी मनात आलं की या नाटकाचा सिनेमा करायचा. आता गंमत बघा. नाटक गाण्याचं आणि सिनेमा मुका!

मोकळ्या मैदानात फळ्या टाकल्या, मागे रंगवलेला राजवाडा उभा केला, वर पांढरं कापड ताणलं. नाटकात पहिल्या रांगेतला मधला प्रेक्षक जिथे बसतो तिथे कॅमेरा ठेवला. मधुलेखेचं काम दौलत नावाचा नट करायचा. तेव्हा बायकांची कामं पुरुषच करत. तो नऊवारी नेसून, फुलांची परडी घेऊन उभा राहिला आणि कॅमेरावाला म्हणाला, "दौलतराव, गाऊ नका. आवाज येत नाही यात. नुसतं तोंड हलवा."

दौलत म्हणाला, "नुसतं तोंड हलवायला मी काय पान खातोय?"

आणि तो गायला. अगदी गळा सोडून, शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू जाईल असा गायला. त्याचा एक सूरही माझ्यावर उमटणार नव्हता. हे त्याला माहीत होतं, तरी तो गायला. कॅमेरा हातानं दांडा फिरवून चालवायचा असे. कॅमेरावाल्याचा हात आपोआप त्या गाण्याच्या लयीत फिरू लागला. ती लय माझ्या अंगात तेव्हा शिरली. अजूनही नीट पाहिलंत तर मागची राजवाड्याची भिंत वाऱ्यानं हलताना दिसते. दौलतच्या डोळ्यांतलं पाणी मात्र खरं आहे.

पुढे मी गुणाजीच्या हाती आले. गुणाजी मूळचा कोकणातला. सिनेमाचं यंत्र, गॅसचा दिवा आणि तंबू बैलगाडीत घालून तो ठाणे-कल्याण भागात खेळ करायचा. माझा पहिला खेळ ठाण्यात टेंभी नाक्याला झाला. तंबू भरला होता. दिवा लागला, माझ्यातून उजेड गेला आणि पडद्यावर मधुलेखा चालत आली. मित्रांनो, मी पडदा फारसा बघत नसे. पडद्यावर आपटून उजेड परत येतो आणि लोकांच्या तोंडावर पडतो. मी ती तोंडं बघायचे. तोंडं उघडी, डोळे मोठे. एका म्हातारीनं तर मधुलेखेला हात जोडले.

मग पद आलं. मधुलेखेचे ओठ हलले आणि आवाज काही आला नाही. लोक वाट बघू लागले. मग मागून कुणीतरी ओरडलं, "अरे, राणीचा घसा बसलाय काय?"

"गूळ-सुंठ द्या रे तिला!"

तंबू हसायला लागला. गुणाजीला घाम फुटला. तेवढ्यात पडद्याशेजारून आवाज आला. पेटी वाजवणाऱ्याची मुलगी रंगूबाई तिथे बसली होती. तिला पद येत होतं, आणि लोक राणीची थट्टा करतायत हे तिला सोसलं नाही. तिनं सरळ गायला सुरुवात केली.

'वेचुनी फुले मी थकले, दार तरी ना वाजे...'

गुणाजीनं यंत्राचा दांडा तिच्या लयीत धरला आणि मधुलेखेचे ओठ त्या शब्दांवर बसले. एकेक शब्द बसला. कल्याणच्या मैदानात हवेत विरून गेलेलं गाणं ठाण्यात एका मुलीच्या गळ्यातून परत आलं होतं. हसणारे गप्प झाले. मीसुद्धा थक्क झाले. मला तोवर वाटायचं की मी मुकी आहे.

पद संपलं आणि तंबूतून आरोळी उठली, "वन्स मोअर!"

नाटकात लोक तसं ओरडले की नट तेच पद पुन्हा गातो. तीच सवय. पण सिनेमात पुन्हा कसं म्हणायचं? गुणाजीला थांबताही येईना, कारण दिव्यासमोर मी थांबले की पेट घेते. मग त्यानं काय केलं? दांडा उलटा फिरवला! मधुलेखा पाठमोरी न होता मागे मागे चालू लागली. जमिनीवर सांडलेली फुलं उडून परडीत गेली. गालावर आलेलं पाणी वर चढून डोळ्यांत शिरलं. लोक हसून हसून लोळले. पण ती दारापाशी जाऊन पोचली, गुणाजीनं दांडा सुलटा केला, रंगूबाईनं पुन्हा पहिला सूर लावला, आणि तंबूत कुणी खोकलंसुद्धा नाही.

तेव्हापासून ती रीतच पडली. कल्याणला, कोपरीला, जिथे तंबू लागेल तिथे वन्स मोअर व्हायचा.

माझ्या अंगावर मधुलेखेच्या खांद्याशी एक जळका डाग आहे. तो गुणाजीच्या चुकीचा. एके दिवशी रंगूबाईचा आवाज असा काही लागला होता की ऐकता ऐकता त्याचा हातच थांबला. मी करपले. पडद्यावर राणीच्या खांद्याला भोक पडत गेलं. रंगूबाई गाणं तोडून भर तंबूत ओरडली, "बघत काय बसलास मेल्या, हात चालव!"

लोकांनी टाळ्या वाजवल्या. पुढे त्या दोघांचं लग्न झालं.

काही वर्षांनी बोलपट आले आणि माझं काम संपलं. माझ्यासारख्या कितीतरी फिल्मा भंगारात गेल्या. त्यांच्या अंगावर चित्रांसाठी लावलेली चांदी धुऊन काढली आणि उरलेल्याच्या बांगड्या केल्या. यंत्र मोडीत गेलं. गुणाजी आणि रंगूबाईनं कोपरीत बिऱ्हाड केलं. मला मात्र त्यांनी जाऊ दिलं नाही.

गुणाजी गेल्यावर रंगूबाई शिवणकाम करू लागली. तिच्याकडे हातानं फिरवायचं शिलाईचं मशीन होतं. ते फिरवताना ती मधुलेखेचं पद म्हणायची आणि दांडा अगदी गुणाजीसारखा फिरायचा. ना जास्त ना कमी. शेजारची सुहासिनी नावाची मुलगी तिच्याजवळ येऊन बसायची. तिला गाण्याचा नाद होता. रंगूबाईनं तिला पद शिकवलं ते तबल्यावर नाही, मशीनच्या दांड्यावर. "घाई करू नको गं. राणी चालतेय, तिला धाप लागेल," असं ती म्हणायची.

सुहासिनीचं लग्न ठरलं तेव्हा रंगूबाईनं मी आणि ते मशीन असं दोन्ही तिच्या हवाली केलं. म्हणाली, "डबा चुलीपासून लांब ठेव, गारव्याला ठेव. आणि वर्षातून एकदा उघड. हिला श्वास लागतो."

म्हणून मी माठाखाली आले. सुहासिनी ठाकुर्लीत गाण्याच्या शिकवण्या घ्यायची. तिच्या नवऱ्याला सगळे भाऊ म्हणायचे, त्यांची मुलगी क्षिप्रासुद्धा. भाऊ कारखान्यात फिटर होते. कामाला चोख आणि बोलायला थोडे. दसऱ्याला घरात हत्यारांची, वाद्यांची पूजा व्हायची. भाऊंचे पाने, सुहासिनीची पेटी, ते मशीन आणि मी. सुहासिनी माझ्या झाकणावर हळद-कुंकवाचं बोट लावायची. मग डबा उघडून माझा थोडा भाग खिडकीच्या उजेडात धरायची आणि चित्रं बघत गुणगुणायची. माझं दुसरं टोक भाऊंच्या हातात.

"एवढं काय दिसतं गं त्यात?" भाऊ विचारायचे.

"तुम्ही धरा नुसतं. अहो, टाचणी लागल्यासारखं काय करता, नीट धरा."

"धरलंय की. पण चहाचं बघ."

"बघा! मधुलेखा रडतेय आणि यांना चहा."

दरवर्षी हेच बोलणं. पण भाऊंचा हात कधी हलला नाही. फिटरचा हात तो. मला त्या दोन हातांमध्ये फार सुरक्षित वाटायचं.

मग सुहासिनी आजारी पडली. त्या दसऱ्याला तिनं अंथरुणाजवळ डबा मागवून घेतला, मला थोडा वेळ उघडं ठेवलं, मग झाकण बंद करून त्यावर बोट लावलं. पुढच्या दसऱ्याला ती नव्हती.

त्या दसऱ्याला माझा डबा उघडला नाही. त्याच्या पुढच्या दसऱ्यालाही नाही. मला वाटलं, मला विसरले. पण तसं नव्हतं. भाऊ रोज माठ भरायला यायचे तेव्हा वाकून फडक्यानं डबा पुसायचे. फक्त झाकणावरचा तो हळद-कुंकवाचा ठसा सोडून. तिचं बोट जिथे टेकलं होतं तिथल्या रेघासुद्धा त्यात दिसत होत्या. डबा उघडायचा तर झाकण हातानं दाबून फिरवावं लागतं. ठसा पुसला जाणार. म्हणून भाऊ उघडत नव्हते.

आणि मी आत कुजत होते. मित्रांनो, माझ्या जातीच्या फिल्ममधून एक वाफ निघते. ती बाहेर गेली नाही तर तीच मला खाते. माझी वरची वेटोळी चिकट झाली, मग तपकिरी, मग भुगा. किती माया होती त्या बंद झाकणावर! आणि त्याच झाकणाखाली मी मरत होते.

क्षिप्रा ठाण्याला राहते. एका रविवारी ती आली आणि नाक मुरडून म्हणाली, "भाऊ, माठाखालून कसला वास येतोय?"

"माठ धुवायला झालाय."

"माठाचा नाहीये हा. झोंबतोय नाकाला. आईची फिल्म उघडलीत का तुम्ही?"

भाऊ म्हणाले, "चहा घेणार का?"

पुढच्या वेळी क्षिप्रानं उत्तराला आणलं. उत्तरा पुण्याची, जुन्या फिल्मा दुरुस्त करायचं काम करणारी. तिनं डब्याजवळ बसून वास घेतला आणि तिचा चेहरा उतरला. "काका, हिला लगेच उघडायला हवं. थोडी तरी वाचेल."

"झाकणाला हात लावायचा नाही," भाऊ म्हणाले. आवाज चढवून नाही. पण क्षिप्रानं पुढे केलेला हात मागे घेतला.

उत्तरानं तो ठसा पाहिला. तिला कळलं. ती म्हणाली, "आपण याचा छान फोटो काढू, काका. मोठा करून देते."

"फोटो आहेत माझ्याकडे," भाऊ म्हणाले. "पुष्कळ आहेत."

उत्तरा आपला फोन नंबर ठेवून गेली. जाताना एवढंच म्हणाली, "काका, जोर करणार नाही. पण उशीर करू नका."

तिसरा दसरा आला. क्षिप्रा सकाळीच झेंडूची फुलं घेऊन आली. भाऊंनी चौरंग मांडला. पाने ठेवले, पेटी ठेवली, मशीन ठेवलं आणि मला ठेवलं. मशीनवर धूळ बसली होती. ती पुसताना त्यांचा हात दांड्याला लागला आणि मशीन फिरलं. कट-कट-कट.

भाऊ थांबले. मग त्यांनी दांडा धरला आणि पुन्हा फिरवला, हळूहळू. मी आतून ऐकत होते. त्यांची लय चुकत होती. त्यांनी कधी मशीन चालवलंच नव्हतं, नुसतं ऐकलं होतं. फिरवता फिरवता थोडी जवळ आली. क्षिप्रा स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून बघत होती.

भाऊंनी मशीन थांबवलं. मला मांडीवर घेतलं. आणि डब्याला म्हणाले, "घुसमटलीस ना? सांगायचंस तरी."

मग त्यांनी उजव्या हाताचा तळवा त्या ठशावर ठेवला, दाबला आणि झाकण फिरवलं. ते जाम झालं होतं. त्यांनी आणखी जोर केला. फिटरचा हात तो. झाकण निघालं आणि वारा आत आला. मित्रांनो, तो पहिला वारा कसा लागला हे मला सांगता येणार नाही.

ठसा झाकणावरून गेला होता. तो भाऊंच्या तळव्यावर आला होता, पिवळा आणि लाल. त्या दिवशी भाऊंनी डाव्या हातात चमचा धरून श्रीखंड-पुरी खाल्ली. क्षिप्रानं पाहिलं आणि त्यांच्या पुरीचे तुकडे करून ठेवले.

संध्याकाळी त्यांनीच उत्तराला फोन लावला.

तिनं मला बर्फाच्या पेटीतून पुण्याला नेलं. माझी सुरुवात गेली होती, शेवटही गेला होता. राजा परत आला की नाही हे आता कुणालाच बघता येणार नाही. पण मधला भाग राहिला होता. मधुलेखेचं पद राहिलं होतं, खांद्यावरच्या जळक्या डागासकट. उत्तरानं एकेक चित्र उजेडावर धरून त्याची नक्कल कॉम्प्युटरवर घेतली.

आता नवी अडचण. माझ्या जन्माच्या वेळी सगळं हातानं चालायचं, त्यामुळे मला किती वेगानं दाखवायचं हे कुठेच लिहिलेलं नव्हतं. उत्तरानं एक वेग लावला तर मधुलेखा चिमणीसारखी टुणटुण उडायला लागली. दुसरा लावला तर चिखलातून चालल्यासारखी. उत्तरानं क्षिप्राला विचारलं, "हे पद कुणी म्हणून दाखवेल का? ओठांवरून जुळवते."

क्षिप्रानं पिशवीतून फोन काढून समोर ठेवला. मग म्हणाली, "आईनं मला गाऊन पाठवलं होतं एकदा फोनवर. सोसायटीच्या गणपतीत म्हणायला. ती गेल्यापासून मी ते उघडलेलं नाही." आणि स्वतःच हसली, डोळे पुसत. "भाऊंना काय बोलणार मी? माझंही झाकण बंदच आहे."

खेळ ठाण्यात झाला, टेंभी नाक्याजवळच्या एका लहान सभागृहात. माझं अंग पुण्याला थंड खोलीत होतं. पण आम्हा फिल्मांचं असं आहे की जिथे आमचा उजेड पडतो तिथे आम्ही असतो. मी तिथे होते. ज्या नाक्यावर मला आवाज मिळाला, तिथेच परत आले होते.

पहिल्या रांगेत भाऊ बसले होते. इस्त्रीचा शर्ट, मांडीवर रिकामा डबा. क्षिप्रा त्यांच्या कानाशी म्हणाली, "भाऊ, आईचा आवाज येईल हं. तयारीत राहा."

"मी काय लहान आहे?"

दिवे गेले. आधी आवाज आला, मशीनचा. कट-कट-कट. मग सुहासिनी बोलली, घरात बोलायची तशी. "हं, क्षिप्रे, ऐक. घाई करायची नाही. दांड्यावर चाल." आणि मधुलेखा चालत आली. टुणटुण नाही आणि चिखलातून नाही. राणी चालते तशी आली. तिनं परडी ठेवली, मान वर केली, ओठ उघडले.

'वेचुनी फुले मी थकले...'

एकेक शब्द बसला. दौलत उन्हात गायला होता. त्याची लय कॅमेरावाल्याच्या हातात आली, रंगूबाईच्या गळ्यातून ती गुणाजीच्या दांड्याला मिळाली, मग शिलाई मशीनला, मग सुहासिनीला. कुणीच ती लिहून ठेवली नव्हती. आणि ती आली, ठाण्यात, माझ्यासमोर. मी लोकांची तोंडं बघितली. हातातले मोबाइल मांडीवर उलटे पडले होते. तोंडं उघडी, डोळे मोठे. मधल्या शंभर वर्षांत माणसाच्या तोंडात काही फरक पडलेला नाही.

पद ऐन रंगात आलं आणि फोनवरच्या त्या गाण्यामागे कुकरची शिट्टी झाली. पाठोपाठ भाऊंचा आवाज आला, "अगं, तीन झाल्या. बंद करू का?"

सुहासिनीनं दांडा न थांबवता, लय न सोडता उत्तर दिलं, "थांबा हो, पद संपू दे!" आणि पुढची ओळ उचलली.

सभागृहात हशा पिकला. क्षिप्रा रडत रडत हसत होती. भाऊ हसले नाहीत. ते डबा घट्ट धरून बसले होते.

पद संपलं. टाळ्या झाल्या. आता दिवे लागणार, तोच भाऊ उठून उभे राहिले. इतक्या वर्षांत सुहासिनीच्या गाण्याला त्यांनी तोंडानं कधी वाहवा म्हटलेलं मी ऐकलं नव्हतं. ते ओरडले,

"वन्स मोअर!"

सगळे वळून बघायला लागले. मागून एका आजींनी साथ दिली, "वन्स मोअर!" मग आणखी दोघांनी, आणि मग अख्ख्या सभागृहानं. उत्तराला क्षिप्रानं गुणाजीची गोष्ट सांगितलेली होती. तिनं चित्र उलटं फिरवलं. मधुलेखा मागे मागे चालू लागली, फुलं उडून परडीत गेली, गालावरचं पाणी डोळ्यांत परत गेलं. लोक खदखदून हसले. ती दारापाशी पोचली. मशीन पुन्हा सुरू झालं. कट-कट-कट. आणि कुणी खोकलंसुद्धा नाही.

पुन्हा कुकरची शिट्टी झाली. पुन्हा पडद्यामागून भाऊंनी विचारलं, बंद करू का. पुन्हा सुहासिनी म्हणाली, "थांबा हो, पद संपू दे!"

आणि पहिल्या रांगेतून भाऊ म्हणाले, "थांबतो. सावकाश होऊ दे."

मित्रांनो, मी आता थंड खोलीत आहे, माझी काळजी घेतात. माझा रिकामा डबा ठाकुर्लीला माठाखालीच आहे. तुमच्या घरीही असा एखादा डबा असेल, पेटी असेल, एखाद्याचा आवाज असेल, कुणीतरी फार मायेनं बंद करून ठेवलेला. वरून पुसून ठेवणं म्हणजे जपणं नव्हे. एखाद्या सणाला दोघं जण बसा, एक टोक तुम्ही धरा, दुसरं घरातल्या मोठ्या माणसाला धरू द्या, आणि ते उजेडात आणा. वरचा ठसा पुसला जाईल. जाऊ दे. तो तुमच्या तळव्यावर येईल.